सतराव्या कपाटातली वेल

ओढ्याकाठच्या कुंपणावर चढलेल्या वेलीची तीन फळं वर्गातल्या पहिल्या नंबरच्या मुलीने तोडली आणि तळहातावर धरून सगळ्यांना दाखवली. लालभडक, चकचकीत. रानमनुका, ती म्हणाली; पुस्तकात वाचलंय, खाता येतात. झाडं ओळखणाऱ्या मोबाइल ॲपनेही फोटो पाहून तिचीच री ओढली. सर अजून मागे होते, चढणीवर धापा टाकत.

डिंकमावशी घोळक्याच्या कडेला उभी होती. कॉलेजच्या वनस्पतिशास्त्र विभागात एकतीस वर्षं तिचं एकच काम: दाबून वाळवलेली झाडं डिंकाने कागदावर चिकटवायची, वरून दोन टाके घालायचे आणि कपाटात लावायची. सहलीला ती आयुष्यात पहिल्यांदा आली होती, तीही निवृत्तीला महिनाच उरल्यामुळे सरांनी हट्टाने आणली म्हणून. जिवंत झाडांतलं आपल्याला काय कळतंय, असं म्हणत सकाळपासून मुलांच्या पिशव्या सांभाळत होती.

तिची नजर फळांवर नव्हतीच. पानांवर होती. टोकदार पान, आणि देठाजवळ दोन छोट्या पाळ्या, कानांसारख्या. या कानांनी तिला फार छळलं होतं. डिंक लावला रे लावला की ते उलटे वळायचे; शंभर मोजेपर्यंत नखाने दाबून धरावे लागायचे. आत्ताही तिचा अंगठा आपोआप तर्जनीवर दाबला गेला. हाताला आधी कळलं, डोक्याला नंतर.

पण फळं? तिने चिकटवलेली फळं तपकिरी होती, चपटी, कागदावर चहा सांडल्यासारखी.

मुलीने एक फळ ओठांशी नेलं.

मावशीने हातातल्या पिशव्या टाकल्या, दोन ढांगांत पुढे झाली आणि तिचं मनगट धरलं. कुणाशी मान वर करून न बोलणारी बाई. मुलं बघतच राहिली. मुलगी गोरीमोरी झाली. मग जरा घुश्शातच तिने विचारलं, ही कोणती वेल आहे ते मावशींना माहीत आहे का.

वेलीचं शास्त्रीय नाव मावशीच्या जिभेला कधी वळलंच नव्हतं.

"सतरा नंबरचं कपाट," ती म्हणाली. "खालून दुसरा खण. लाल ठिपक्याची फाइल."

दोघे-तिघे फिसकन हसले. मावशीचा चेहरा तापला. चुकलं असेल तर उरलेला महिना विभागात तोंड दाखवायची सोय नाही, हे तिला समजत होतं. पण तिने मनगट सोडलं नाही.

तेवढ्यात सर पोचले. त्यांनी चष्मा कपाळावर सरकवला, वेल अगदी नाकाजवळ आणली. पानांचे कान पाहिले, जांभळ्या फुलांच्या मागे दुमडलेल्या पाकळ्या पाहिल्या, मधली पिवळी चोच पाहिली. मग मुलीच्या हातातली फळं काढून घेतली आणि तिला आधी हात धुवायला पाठवलं. वेल बटाट्या-वांग्यांच्या घराण्यातली, ते म्हणाले, पण घराण्याचं नाव घालवणारी. चव आधी कडू, मागून गोड. आणि मूठभर पोटात गेली असती तर आजची सहल दवाखान्यात संपली असती. विभागात लाल ठिपका फक्त विषारी झाडांच्या फायलींवर असतो, हेही त्यांनी सांगितलं. हसणाऱ्यांनी माना खाली घातल्या.

मुलगी परत आली ती सरळ मावशीकडे. ओल्या हातांनीच तिला बिलगली आणि पुटपुटली, की पुस्तकात हे कान कुठे दिसलेच नाहीत.

"तुला पुस्तक नुसतं वाचायचं असतं, पोरी," मावशी म्हणाली. "मला हे कान चिकटवायला लागतात."

या वेळी सगळे मोकळेपणी हसले, मावशीसुद्धा.

मुलं पुढे निघाली, तरी मावशी वेलीपाशी उकिडवी बसून राहिली. सर तिच्यासाठी थांबले. एकाच घोसात एक फळ हिरवं, एक पिवळं, एक नारिंगी आणि एक असं लाल, की डोळा हटेना. बोट न लावता ती बघत होती.

"इतकी लाल असतात, सर?"

"तुम्हाला ठाऊक नव्हतं?"

"आमच्याकडे येईपर्यंत रंग गेलेला असतो."

मग मात्र तिला आवरणं कठीण झालं. ती सगळ्यांच्या पुढे चालू लागली. माहेरच्या गल्लीत शिरलेल्या लेकीसारखी दर चार पावलांवर थांबायची, वाकायची, पान उलटून बघायची. हे नऊ नंबरचं कपाट, हे तेवीस, याच्या काट्याने माझं बोट फाडलं होतं. सगळा वर्ग वह्या उघडून तिच्या मागे. गाडीवाल्याने तीनदा हॉर्न वाजवला, कुणी लक्ष दिलं नाही.

वळणावर एक झाड होतं. कपाटात त्याची वीतभर फांदीच तेवढी होती. मावशीने खोडावर हात ठेवला, मान वर केली, आणखी वर केली, पदर खांद्यावरून घसरेपर्यंत.

"अगं बाई," ती त्या झाडाला म्हणाली, "तू एवढी उंच होय?"