शेवटचा अर्धा मैल

कॉटनवुडच्या झाडापाशी बॅजर थांबला तो थांबलाच. वेडने टाचा मारल्या, लगाम झटकला, शिव्या घातल्या. घोडा ढिम्म.

"कट!" नेल ओरडली. सिनेमा तिचा होता, आणि ऊन डोंगराआड चाललं होतं. "एवढाच शॉट राहिलाय रे! व्हर्लिन घरी येतो, संपलं."

व्हर्लिन गेल्या महिन्यात वारला होता. सिनेमा त्याच्यावर, त्यात कामही त्याचंच. आता त्याचा कोट, हॅट आणि बूट घालून वेड घोड्यावर बसला होता. लांबून कोणाला कळतंय? फाटकाशी उभ्या असलेल्या आर्डिथला, व्हर्लिनच्या बायकोला, कळत होतं. पण सिनेमा अर्धवट राहू देणार नाही, असा तिने नवऱ्याला शब्द दिला होता.

"टाचा मारू नकोस त्याला," ती म्हणाली. "खाली उतर. घोडा त्याचीच वाट बघतोय."

या झाडापासून घरापर्यंत व्हर्लिन रोज पायी यायचा. दिवसभर राबलेल्या जनावरावर शेवटचा अर्धा मैल तरी ओझं नको म्हणायचा. घोडा असून पायी चालणारा काउबॉय! अख्खं खोरं त्याला हसायचं.

"मला माहितेय हो," नेल म्हणाली. "पण व्हर्लिन डाव्या पायाने लंगडायचा. वेड चालला की लगेच कळेल."

"ते घोड्याला सांग."

वेड उतरला. बॅजर निमूट चालू लागला. व्हर्लिनचे बूट वेडला घट्ट होत होते. चार पावलांत ते चावायला लागले आणि तो लंगडू लागला. डाव्या पायाने.

तो वेड आहे, हे आर्डिथला पक्कं ठाऊक होतं. तरी हाताने आपसूक कडी काढली आणि तोंडातून रोजचंच निघालं, "आलास? जेवण निवलं बघ."

"कट! झालं!" सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. वेडने फाटकातच बसून बूट ओढून काढले.

"आर्डिथ, फाटक लावा ना," नेल म्हणाली. "गुरं बाहेर पडतील."

उघडं फाटक त्या मुलखात कोणी सोडत नाही. आर्डिथने तर जन्मात कधी सोडलं नव्हतं.

"लावते," ती म्हणाली, आणि उघडं फाटक धरून तशीच उभी राहिली. बॅजरही तबेल्याकडे गेला नाही. तिच्याशेजारी उभा राहून तो रिकाम्या रस्त्याकडे बघत होता.