साहेबांचे हात

चित्रासाठी बसायला साहेबांना वेळ नव्हता. "चेहरा फोटोवरून घ्या, बाकीच्यासाठी आमच्या शिपायाला बसवा," म्हणाले. मग बारा दिवस शिपाई साहेबांचा कोट घालून साहेबांच्या खुर्चीत बसला. मी चेहरा साहेबांचा काढला आणि हात त्याचे. त्याची करंगळी वाकडी होती, तीसुद्धा जशीच्या तशी काढली.

अनावरणाला आलेले पाहुणे भाषणात म्हणाले, "हे हात बघा! आयुष्यभर राबलेल्या माणसाचे हात आहेत हे." टाळ्यांचा कडकडाट झाला. फक्त शिपायाला टाळ्या वाजवता आल्या नाहीत, कारण त्याच्या हातात चहाचा ट्रे होता.

शिपाई गेल्या महिन्यात वारला. परवा त्याची बायको पत्ता शोधत माझ्याकडे आली.

"ह्यांचा एकच फोटो होता, ओळखपत्रावरचा. ते ऑफिसने परत घेतलं. पण तुमच्या त्या चित्रातले हात आपले आहेत, असं हे नेहमी सांगायचे. एकदा बघू देतील का मला?"

मी तिला साहेबांच्या ऑफिसात घेऊन गेलो. चित्रातल्या चेहऱ्याकडे तिने मान वर करूनही पाहिलं नाही. त्या वाकड्या करंगळीवरून बोट फिरवत ती हमसून हमसून रडली.

समोरच्या टेबलाशी काम करत बसलेल्या मुलीचेही डोळे भरून आले. मला हळूच म्हणाली, "बघा ना, साहेबांवर किती जीव आहे लोकांचा!"