नवं रबर

व्हॅनचं पुढचं डावं चाक जॅकवर उचललेलं होतं. रूपेशने ते वरून आणि खालून घट्ट धरलं आणि हलवलं. खट्. पुन्हा हलवलं. खट्.

"हाच तो आवाज," मनस्वी म्हणाली. "खड्डा आला की हाच. आणि वळणावर स्टेअरिंग ओढतं. तुम्ही लग्नाला गेलेलात तेव्हा गाडी आणली होती मी. तुमच्या भावाने बॉल जॉइंट नवा टाकला म्हणून सांगितलं. तरी आवाज जाईना, म्हणून परत आले, तर म्हणतो, वहिनी, तुम्हीच गाडी खड्ड्यात घालता."

हातखंब्याच्या त्या गॅरेजात दोघे भाऊ काम करायचे. धाकटा दर्शन मागच्या बाजूला रिक्षाचं इंजिन उघडून बसला होता. त्याने मान वर केली नाही.

रूपेशने चाक काढलं. चाक सांधणाऱ्या त्या जॉइंटवर चिकटलेला चिखल फडक्याने पुसला. आतून काळंभोर, नवंकोरं रबर दिसलं. त्याने रबराच्या कडेत स्क्रूड्रायव्हर घातला आणि ते वर उचललं. आत ग्रीस नव्हतं. गंजाचं तांबडं पाणी ओघळून त्याच्या मनगटावर आलं.

"दर्शन, इकडे ये."

दर्शन हात पुसत आला.

"हा नवा?"

दर्शनने एकदा मनस्वीकडे बघितलं आणि आवाज खाली आणला. "पार्ट नव्हता, दादा. कोल्हापूरहून मागवावा लागला असता. वहिनींना घाई होती. रबर फाटलेलं, तेवढं बदललं. जॉइंट अजून महिनाभर गेला असता."

"मग तसं सांगायचं."

"सांगितलं असतं तर दुसरीकडे गेल्या असत्या."

"म्हणजे बदललाच नाय?" मनस्वीने विचारलं.

रूपेशने चाक परत चढवलं, नट आवळले, जॅक उतरवला. व्हॅनची चावी काढली आणि भावासमोर धरली.

"तुझ्या पोरीची, पूर्वीची, शाळा सुटायची वेळ झाली. ही गाडी ने. पोरीला पुढे बसव आणि हायवेने घेऊन ये."

"दादा, गिऱ्हाईकासमोर तमाशा नको."

"तमाशा कसला? महिनाभर जाईल म्हणालास ना? शाळा तर इथेच आहे, उतारावर."

दर्शनने हात पुढे केला नाही.

"घे," मनस्वी म्हणाली. "घे ना, मेल्या! माझी सासू बसते पुढे. मागे माशांच्या टोपल्या, आणि टोपल्यांच्या मधे गावातल्या बायका. त्यातल्या राहीच्या मांडीवर तान्हं पोर असतं. नाटे गावाहून बाजाराला मी आणते सगळ्यांना. परवा समोरून ट्रक आला आणि गाडी माझं ऐकेना. बायका म्हणाल्या, मनस्वी, तुझं लक्ष कुठे असतं? घरी नवरा म्हणाला, आता ड्रायव्हरच ठेवूया. आणि मलापण वाटलं रे, की माझाच हात चुकतो. मी तुझ्या बोलण्यावर विश्वास ठेवला आणि स्वतःच्या हातावर नाय ठेवला!"

दर्शनने दोन्ही हात पाठीमागे नेले.

"पोरीला मी बाइकवरून आणतो," तो म्हणाला.

रूपेशच्या दुसऱ्या हातातला पाना भिंतीवर जाऊन आदळला. वरचा पत्रा दणाणला. शेजारचा पंक्चरवाला डोकावून बघून परत आत गेला.

पार्ट मागवायला एक फोन पुरला. पूर्वीला घरी सोडून दर्शन परत आला तेव्हा रत्नागिरीच्या दुकानातला माणूस दोन्ही बाजूंचे जॉइंट देऊन निघून गेला होता. रूपेश गाडीखाली होता. एरवी असा जॉइंट सुटायला घण मारावे लागतात. हा मात्र टॉमीची पहार लावल्याबरोबर वाटीतून निसटला आणि रूपेशच्या तळव्यात येऊन पडला. रूपेश तसाच पडून त्याच्याकडे बघत राहिला.

"अजून एखादा खड्डा," तो म्हणाला. "चाक आडवं झालं असतं."

दर्शन वाकून पाना उचलायला गेला.

"हात लावू नको माझ्या गाडीला," मनस्वी म्हणाली.

तो तसाच वाकलेला थांबला, मग सरळ झाला. दोन्ही बाजूंचं काम रूपेशने एकट्याने केलं. नंतर हात धुऊन तो ट्रायलला निघाला, पण मनस्वी आधीच स्टेअरिंगवर बसली होती.

"तुम्ही नको, भाऊ. याला बसवा."

दर्शनने भावाकडे बघितलं. रूपेशने शेजारचा दरवाजा उघडून धरला. दर्शन चढून बसला तेव्हा दरवाजा रूपेशनेच लावला, जरा जास्तच जोरात.

हायवेच्या कामामुळे गाड्या बाजूच्या कच्च्या रस्त्याने वळवल्या होत्या. मनस्वीने एकही खड्डा चुकवला नाही. गाडी दबत होती, उठत होती, पुढे जात होती. समोरून डंपर आला. तिने व्हॅन अगदी कडेला घेतली, दरीच्या बाजूला. डंपर धूळ उडवत निघून गेला आणि व्हॅन पुन्हा रस्त्याच्या मधे आली, तिने आणली तशी.

दर्शनचा एक हात दरवाजावरच्या दांडीला होता. दुसऱ्या हाताने त्याने सीटची कड पकडली होती.

"आवाज येतो?" तिने विचारलं.

"नाही."

"ओढते कुठे?"

"नाही, वहिनी. दादाने केलंय काम. आता काही होणार नाही."

पुढे उतार लागला. मनस्वीने गिअर बदलला.

"मग सोड ना हात," ती म्हणाली.