एकविसावा छर्रा

हँडल फिरेना. युयेनं दोन्ही हातांनी जोर लावला, तेव्हा कुठे ते कुरकुरत एवढंसं वळलं आणि तिथेच अडून बसलं.

"नवे छर्रे घातल्यावर आधीपेक्षा जड?" सुलान म्हणाली. "कमाल आहे तुझी, ताई."

स्कूटर युयेच्या नातीची, पिनयूची. एक पाय वर ठेवायचा आणि दुसऱ्यानं जमीन ढकलत पळवायची, तशातली. पावसात भिजून भिजून हँडलच्या नळीतले बेअरिंगचे छर्रे गंजले होते आणि वळणावर पोरगी दोनदा आपटली होती. चार वाजता ती शिकवणीहून येणार, त्याआत काम व्हायला हवं होतं. मुलगा म्हणाला होता, नवीन आणू. युयेनं त्याला उडवून लावलं. ज्या घरात हजारो सायकलींचे छर्रे भरले गेले, त्या घरानं हँडलखालच्या वाटीत छर्रे भरायचे सोडून नवी स्कूटर आणायची? शिवाय धाकटी बहीण सुलान थडगी झाडायच्या सणाला ताइनानहून आली होती आणि कधी नव्हे ती एक दिवस जास्त राहिली होती.

युयेच्या लहानपणी चांगह्वाच्या या भागात घरोघरी कारखाना होता. सकाळी टेम्पो सायकलींच्या लोखंडी वाट्यांच्या टोपल्या टाकून जायचा आणि संध्याकाळी भरलेल्या वाट्या घेऊन जायचा. मधल्या वेळात युयेचे आईवडील आणि चारही मुली बैठकीच्या खोलीत फरशीवर. वाटीत बोटानं ग्रीस फिरवायचं, केसातल्या पिनेच्या टोकाला छर्रा चिकटवायचा आणि अलगद आत बसवायचा. भातालासुद्धा ग्रीसचा वास यायचा. आज ग्रीसचा डबा उघडला, तेव्हा दोघी बहिणी एकदमच त्यावर वाकल्या होत्या आणि डोक्याला डोकं आपटून हसल्या होत्या. साठी उलटलेल्या बायका, पण हसल्या अगदी तशाच.

सुलाननं पान्हा घेतला. हँडल उतरवलं, नट सोडवला, स्कूटर उलटी केली आणि पुढचं चाक धरणारा चिमटा उपसून काढला. मग चष्मा कपाळावर सारून ती वाटीत डोकावली. छर्रे एकाला एक भिडून बसले होते, मध्ये तांदळाचा दाणा जाईल एवढीही फट नव्हती.

"एकवीस भरलेस," ती म्हणाली. "वीस हवेत. बाबांचं विसरलीस?"

विसरली नव्हती. एकाची जागा रिकामी ठेवायची, नाहीतर बाकीचे फिरत नाहीत, हा बाबांचा पहिला धडा होता. पण आज मोजताना युयेचं लक्ष छर्‍यांत नव्हतंच. सकाळपासून तिच्या डोळ्यांपुढे एक वाडगा होता.

तो वाडगा सांडला त्या दिवशी वाडगाभर छर्रे गटारात गेले होते. त्याच आठवड्यात ताइनानची मावशी आली. तिला मूल नव्हतं, एक मुलगी द्या म्हणाली. तेव्हा तसं देत असत, कुणाला त्याचं काही वाटत नसे. कुठली द्यायची, हे ठरवायला बाबांना वेळ लागला नाही. वाडगा सुलाननं सांडलाय, हिच्या हाताला धर नाही, असं घरात सगळेच म्हणत होते. सात वर्षांची सुलान गाठोडं घेऊन बसमध्ये चढली. दहा वर्षांची युये दारात उभी राहून बघत होती आणि तोंडातून शब्द काढत नव्हती, कारण शब्द काढला असता तर गाठोडं तिचं बांधलं गेलं असतं.

पंचावन्न वर्षं ही लाज तिनं पोटात ठेवली होती. काल आईच्या थडग्यावरचं गवत उपटताना ती ओठांपर्यंत आली आणि परत आत गेली. आता पाचच्या गाडीनं सुलान निघणार होती.

"तो वाडगा," युये म्हणाली, "माझ्या कोपरानं सांडला होता."

सुलान पिनेच्या टोकानं एक छर्रा बाहेर काढत होती. तिचा हात थांबला नाही.

"माहीत आहे. मी समोरच बसले होते."

मग बोलली का नाहीस, युयेनं विचारलं.

"तू इतकी घाबरली होतीस," सुलान म्हणाली. काढलेला छर्रा तिनं वर्तमानपत्रावर ठेवला. "आणि एक जाणारच होती गं. चौघी होतो आपण."

ती पुन्हा कामाला लागली. हाताला धर नसलेल्या त्या मुलीनं वीस छर्रे ग्रीसमध्ये सारखे करून घेतले, एकही सांडला नाही. चिमटा आत सरकवला, नट आवळला, अर्धा फेरा मागे घेतला, हँडल चढवलं. मग युयेचं बोट धरून हँडलवर ठेवलं. बोटाच्या नुसत्या धक्क्यानं हँडल या टोकापासून त्या टोकापर्यंत फिरलं, आवाज न करता. युयेला ते नीट दिसलं नाही, डोळे भरून आले होते.

सुलाननं हात पुसले. ताटात सणाच्या उरलेल्या पातळ पोळीच्या गुंडाळ्या होत्या, दाण्याचा कूट घातलेल्या. त्यातली एक तिनं तोंडात टाकली आणि घड्याळ पाहिलं.

जास्तीचा छर्रा वर्तमानपत्रावर तसाच पडला होता. युयेनं तो उचलला, सदऱ्याच्या टोकाला पुसला आणि मुठीत धरला.

"ह्याचं काय करू? दुकानात परत देऊ?"

"नको," सुलान म्हणाली. "ह्या वेळी राहू दे घरात."