काशीला सोडलेलं वांगं

चंपाषष्ठीचं ताट समोर आलं आणि सुचित्राबाईंचा हात भरिताच्या अलीकडे थांबला.

खंडोबाच्या टाकाला नैवेद्य दाखवून झाला होता, घरातल्या तिघांच्याही कपाळाला भंडारा लागला होता. आता प्रसाद खायचा एवढंच राहिलं होतं. पण प्रसाद वांग्याच्या भरिताचा, आणि वांगं तर त्या काशीला सोडून आल्या होत्या. नवऱ्याचं वर्षश्राद्ध उरकून याच उन्हाळ्यात त्या काशीला गेल्या. तिथे गेलं की एक फळ आणि एक भाजी कायमची सोडायची, तीही आवडती, हा रिवाज त्यांनी मनापासून पाळला. फळ पेरू, भाजी वांगं.

"अगं आई, काशीचा विश्वेश्वर काय आणि आपला खंडोबा काय, दोघं महादेवच ना?" मुलगा सुयश म्हणाला. "आपसात मिटवतील. तू कशाला टेन्शन घेतेस?"

"एकच आहेत म्हणून तर. त्यालाच दिलेलं त्याच्याच प्रसादातून परत घेऊ?"

सुयश आपल्या ताटातल्या रोडग्याकडे वळला. आईशी वाद घालून जिंकल्याचं या घरात कुणाला आठवत नव्हतं.

त्याची बायको वैदेही मात्र अस्वस्थ झाली. प्रश्न एका वांग्याचा नव्हताच. काशीहून आल्यापासून सासूबाई एकेक गोष्ट सोडतच सुटल्या होत्या. आधी दुपारचा चहा, मग रात्रीची मालिका, मग सोसायटीतल्या बायकांबरोबर खारघरच्या सेंट्रल पार्कला जाणं. कुणी काही म्हटलं की उत्तर ठरलेलं, "आता काय करायचंय?" वैदेहीला त्या वाक्याची भीती वाटायची. आज खंडोबाचा प्रसाद सुटला तर उद्या जेवणच सुटेल, असं तिला खरोखर वाटत होतं.

ती खारघरच्याच एका कॉलेजात वनस्पतिशास्त्र शिकवायची. शेवटचा उपाय म्हणून तिने तेच बाहेर काढलं.

"आई, वांगं ही भाजी नाहीच मुळी. फळ आहे."

"काहीतरीच बोलू नकोस."

ती उठली, ओट्यावर उरलेलं एक वांगं उभं चिरलं आणि सासूबाईंसमोर धरलं. "हे बघा. फुलातून धरतं, पोटात बी असतं. अशाला फळ म्हणतात. पहिल्या वर्षाच्या पोरांना मी हेच शिकवते."

सुचित्राबाईंनी चष्मा सावरून आत पाहिलं. आयुष्यभर पोतीच्या पोती वांगी चिरलेली बाई, पण आज पहिल्यांदाच भेटल्यासारखी बघत राहिली.

"मग भेंडी?"

"फळ."

"दोडका?"

"तोही फळच."

"मग एकादशीला दोडका चालवून घ्यायला हरकत नाही," सुयश म्हणाला. त्याच्याकडे कुणी लक्ष दिलं नाही.

"मग भाजी उरली तरी कुठली?"

"पालेभाज्या आहेत की. शिवाय मुळा, गाजर, फ्लॉवर."

सुचित्राबाई विचारात पडल्या आणि हळूहळू त्यांचा चेहरा उतरला. "म्हणजे मी काशीला दोन फळं सोडली. भाजी सोडलीच नाही!"

हे वैदेहीच्या ध्यानीमनी नव्हतं. तिला त्यांना मोकळं करायचं होतं, तर त्या नव्याच पेचात सापडल्या. "त्यात काय एवढं," ती घाईघाईने म्हणाली, "वांगं परत घ्या आणि त्याच्याऐवजी एखादी पालेभाजी सोडा."

"पालक सोड," सुयश म्हणाला. "तसाही तू तोंड वाकडं करूनच खातेस."

"नावडती सोडण्यात कसलं आलंय पुण्य? आवडतीच सोडायची असते."

"मग तुमची आवडती भाजी कुठली, आई?"

"वांगं," सुयशने परस्पर सांगून टाकलं.

"ते तुझ्या बाबांना रे."

अरविंदरावांचं भरीत, अरविंदरावांची भरली वांगी, अरविंदरावांना लागणारे वांग्याचे काप, हे सगळं शेजारपाजाऱ्यांनाही पाठ होतं. बाईंना काय आवडतं हे मात्र कुणालाच ठाऊक नव्हतं. पोटच्या पोरालाही नाही. सुयशला स्वतःची लाज वाटली.

"घाटावर गुरुजींनी विचारलं, आवडती भाजी सांगा. माझ्या तोंडून वांगंच निघालं," त्या म्हणाल्या. "दुसरं काही आठवलंच नाही बघ."

"आता आठवा," वैदेही म्हणाली.

त्या चिरलेल्या वांग्याकडे बघत आठवू लागल्या. रोडगा गार होत चालला होता.

"अंबाडी," त्या एकदम हळू म्हणाल्या, कुणाची चहाडी करावी तशा. "ज्वारीच्या कण्या घालून केलेली. वर लसणाची फोडणी. माहेरी आई करायची. ह्यांना आंबट सोसायचं नाही, म्हणून या घरात कधी आणलीच नाही."

सुयशने जन्मात अंबाडी खाल्ली नव्हती.

"मग..." वैदेहीने बिचकतच विचारलं, "आता अंबाडी सोडणार?"

सुचित्राबाईंनी भरिताला बोट लावून कपाळाशी नेलं. रोडग्याचा तुकडा मोडला, भरितात बुडवला आणि घास घेतला. तो सावकाश चावून झाल्यावर विचारलं, "मिळते का गं इथे?"

"मिळते ना. उद्या कॉलेजातून येताना आणते."

"तुला नाही कळायची. लाल देठाची कोवळी बघून घ्यावी लागते. मीच येते तुझ्याबरोबर."

"आणि काशीची भाजी?" सुयशने विचारलं. "ती कधी सोडणार?"

"आधी पोटभर खाऊ तर दे," सुचित्राबाई म्हणाल्या आणि भरिताची वाटी जवळ ओढली. "सोडायची एवढी घाई काय आहे?"