पाचवे नख

सम्राटाचा दूत बाहेर चहा पीत थांबला होता. राजपुत्राला भेट मिळालेल्या अंगरख्यात पाहूनच तो परतणार होता. आत राजपुत्राने सम्राटाकडून आलेला तो अंगरखा उलगडला. छातीवरच्या सोनेरी ड्रॅगनच्या उगारलेल्या पंजाला पाच नखे होती.

पाच नखांचा ड्रॅगन फक्त सम्राटाने मिरवायचा. राजपुत्रासारख्या दूरच्या चुलतभावाला चारच नखांची परवानगी होती.

"शिंपी चुकला असेल," तो म्हणाला.

"थोरल्या भाऊजींच्या वेळीही शिंपीच चुकला होता का? त्यांनी तसाच घातला. राजद्रोही ठरले, डोकं गेलं." बायकोने सुई उचलली. "द्या इकडे. हात बघा कसे थरथरताहेत तुमचे."

तिने ते जास्तीचे नख हलकेच उसवले.

तो अंगरखा घालून बाहेर आला. दूताने वाकून नमस्कार केला, पंजा न्याहाळला आणि हसला.

"सम्राटांच्या भेटीची मोडतोड? यालाही शिरच्छेदच, महाराज. सुई कोणी चालवली?"

दाराआड बायकोने पाऊल पुढे टाकले.

"मी," राजपुत्र म्हणाला.

"असं? मग ओवून दाखवा." दूताने बाहीतून सुईदोरा काढला. तो घेऊनच आला होता.

मघापर्यंत थरथरणारा राजपुत्राचा हात आता स्थिर होता. दोरा पहिल्याच प्रयत्नात ओवला गेला.