पाय धुवायचा दगड

बांधाच्या भांडणात हातून माणूस गेला, त्याची जन्मठेप भोगून बारकू कळवणच्या एसटीतून उतरला, तेव्हा तिन्हीसांजा होत आल्या होत्या. गावची वाट पायांना अजून पाठ होती.

नाशिकच्या तुरुंगात संध्याकाळी बराकीला कुलूप लागलं की तो डोळे मिटायचा आणि घरी जायचा. दारातल्या दगडावर पाय धुवायचा, सदरा खुंटीला अडकवायचा आणि मोठ्यानं म्हणायचा, "भागे, चहा टाक." बराकीतले हसायचे. त्या दगडाचा गारवा मात्र रात्रभर तळव्यांना पुरायचा.

पहिली काही वर्षं बायको मुलाखतीला आली, मग यायची थांबली. बारकूनं तिला कधी बोल लावला नाही.

घर तसंच होतं. कुडाच्या भिंती नुकत्याच सारवलेल्या, कौलांतून चुलीचा धूर निघत होता. दारातला दगड ओला होता.

दगडावरून ओली पावलं आत गेली होती. डाव्या पावलाला करंगळी नव्हती. बारकूची लहानपणी कोयत्यानं गेली होती, तशीच.

आत खुंटीवर सदरा दिसत होता.

"भागे," त्यानं हाक मारली.

भागी दारात आली. केस पिकलेले, डोळे तेच. तिनं त्याला खालून वर न्याहाळलं, पदर सावरला आणि आत वळून म्हणाली, "अवं, तुमाला कोणी भेटाया आलंय."

"आलो," आतून बारकूच्याच तरण्या आवाजानं ओ दिली.